विदूषकी आणि शारीर रंगभूमी : मराठवाड्यातील नव्या कलावंतांकडून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

विदूषक म्हणजे सर्कशीतला जोकरच ना?

सर्कशीतला जोकर हा विदूषकाचा एक प्रकार आहे आणि मराठी माणसाला तो परका नाही. विष्णुपंत छत्रे यांनी १८८० साली भारतीयांची पहिली आधुनिक सर्कस उभी केली. तेव्हापासून गावाबाहेरच्या मैदानात तंबू पडला की पोरांची पहिली चौकशी जोकरांचीच असते. मात्र सर्कशीत त्याच्या वाट्याला बहुतेकदा दोन कसरतींमधली वेळ येते. झुल्याची जाळी बांधून होईपर्यंत त्याने लोकांना धरून ठेवायचे असते. रंगमंचावरच्या विदूषकाला अख्खा प्रयोग स्वतः पेलावा लागतो.

त्याच्या कामाचा गाभा असा, की तो एखादे साधे काम पूर्ण निष्ठेने हाती घेतो, ते त्याला जमत नाही आणि जमत नाही ही गोष्ट तो प्रेक्षकांपासून लपवत नाही. घडीची खुर्ची उघडणे, छत्री मिटवणे, पंगतीत कुणालाही न वगळता वाढत जाणे, एवढ्याशा कामातून वीस मिनिटांचे नाट्य उभे राहू शकते, कारण पाहणाऱ्याला त्यात आपली स्वतःची फजिती दिसते. युरोपातील सर्कशीत विदूषकांची जोडी रूढ झाली. त्यातला एक पांढऱ्या चेहऱ्याचा, रुबाबदार, नियम सांगणारा असतो. दुसरा ढगळ कपड्यांतला, प्रत्येक नियमाचा बोऱ्या वाजवणारा असतो आणि त्याला ऑगस्ट म्हणतात. तमाशातील गौळणीत कृष्णासोबत पेंद्या असतो, वगात राजासमोर सोंगाड्या उभा राहतो. ही रचना त्याच जातीची आहे. तमाशा पाहत वाढलेल्या माणसाला ही जोडी वेगळी शिकवावी लागत नाही.

फिजिकल थिएटर म्हणजे मूकाभिनय का?

मूकाभिनय हा त्याचा एक भाग आहे. शारीर रंगभूमीत अर्थ पोहोचवण्याची मुख्य जबाबदारी शरीरावर असते. शब्द असू शकतात, पण संवाद काढून टाकले तरी प्रसंग उभा राहिला पाहिजे. भरताच्या नाट्यशास्त्रात अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक असे चार प्रकार सांगितले आहेत, त्यांपैकी आंगिकाला येथे पहिला मान असतो. विसाव्या शतकात रशियात मेयरहोल्ड, पोलंडमध्ये ग्रोटोव्स्की आणि फ्रान्समध्ये एतिएन दक्रू व जाक लकॉक यांनी या दिशेने स्वतंत्र पद्धती घडवल्या. जगप्रसिद्ध मूकाभिनेते मार्सेल मार्सो हे दक्रू यांचेच शिष्य होते. भारतात कोलकात्याचे जोगेश दत्त आणि निरंजन गोस्वामी यांनी मूकाभिनयाला आयुष्य दिले.

हे सगळे बाहेरून आलेले आहे. मराठवाड्यात याला काही मूळ आहे का?

मूळ आहे आणि ते खोल आहे. पैठणच्या संत एकनाथांनी सोळाव्या शतकात जी भारुडे रचली, ती नुसती म्हणण्यासाठी नव्हती, ती सोंग घेऊन करण्यासाठी होती. ‘विंचू चावला’ सादर करणारा कलावंत आधी पायाला झटका देतो, मग वेदना पोटरीतून मांडीत, मांडीतून कमरेत चढत जाते, पाठ वाकडी होते, मान एका बाजूला पडते, आणि समोरचा समुदाय हसत असतानाच त्याला कळते की हा विंचू काम-क्रोधाचा आहे. शरीराने हसवायचे आणि त्या हसण्यातूनच पुढच्या अर्थाकडे न्यायचे, ही भारुडाची रीत आहे. ‘बुरगुंडा’ करताना पुरुष कलावंत लुगडे नेसून उभा राहतो, घेरदार फेरा मारतो आणि प्रत्येक फेऱ्यागणिक श्रोत्यांतल्या एकाला गोष्टीत ओढतो. भारुडरत्न निरंजन भाकरे यांचा बुरगुंडा ज्यांनी समोर बसून पाहिला, त्यांना प्रेक्षकाशी नजर मिळवणे म्हणजे काय हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही.

याखेरीज बहुरूपी आहेत. हवालदाराचा नाहीतर फौजदाराचा वेष करून दारात उभे राहायचे, दोन मिनिटे घरच्यांना खरोखर दरडावायचे आणि मग लग्नाचे खोटे वॉरंट वाचून सगळ्यांना हसवायचे, ही त्यांची हातोटी आहे. पहिल्या दोन मिनिटांतला खरेपणा जितका पक्का, तितके नंतरचे हसू मोठे. कुठल्याही विदूषकाला हा धडा शिकावाच लागतो. माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेत तमाशाचे फड उतरतात, तिथले सोंगाडे हजारोंच्या गर्दीत आवाजाआधी चालीने लोकांना धरतात. केज तालुक्यातल्या विडा गावात धुळवडीला जावयाला गाढवावर बसवून गावभर मिरवतात. मानाची माणसे एका दिवसापुरती उलटी करून पाहण्याची ही जुनी ग्रामीण प्रथा आहे, आणि लकॉक ज्याला बुफाँ म्हणत त्या, विद्रूप सोंग घेऊन समाजाची टर उडवण्याच्या प्रकाराची मुळे मध्ययुगीन युरोपातील अशाच उलट्या उत्सवांशी जोडली जातात.

माझा आग्रह असा आहे, की नव्या कलावंताने चॅप्लिनची चाल जरूर पाहावी, पण नाथषष्ठीला पैठणला जाऊन एक रात्र भारूडही पाहावे. आपल्या मुलांना पडद्यावरची चाल तोंडपाठ असते आणि शेजारच्या गावातला भारूडकार ठाऊक नसतो. यात त्यांचा तोटा होतो, कारण पडद्यावरचा माणूस प्रेक्षकाला उत्तर देत नाही, भारूडकार देतो.

मराठवाड्यात शिक्षण कुठे मिळते?

केवळ विदूषकीचा पदवी अभ्यासक्रम येथे नाही. मात्र छत्रपती संभाजीनगरच्या डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठात नाट्यशास्त्र विभाग आहे, आणि नांदेडच्या स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठात ललित व प्रयोगजीवी कला संकुल आहे. या दोन्ही ठिकाणी अभिनय, रंगभूषा, प्रकाशयोजना आणि लोककला यांचा पाया मिळतो. पुण्याचे ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची थिएटर आर्ट्स अकादमी आणि दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय हे त्यापुढचे रस्ते आहेत. बीड जिल्ह्यात जन्मलेले वामन केंद्रे पुढे याच राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे संचालक झाले, तेव्हा हे अंतर कापता येते याविषयी शंका नसावी.

महाविद्यालयात शिकत असाल तर युवक महोत्सव सोडू नका. त्यात मूकाभिनयाची स्वतंत्र स्पर्धा असते. राष्ट्रीय पातळीवरील आंतरविद्यापीठ नियमांनुसार जास्तीत जास्त सहा कलावंत आणि पाच मिनिटे एवढीच मर्यादा मिळते. पाच मिनिटांत शब्दाविना सुरुवात, पेच आणि शेवट बांधण्याचा हा सराव पुढे फार उपयोगी पडतो. एक सावधगिरी मात्र बाळगावी. आपल्याकडील स्पर्धांत मूकाभिनय म्हटले की काळे कपडे, पांढरा चेहरा, भ्रूणहत्या किंवा वृक्षतोड आणि शेवटी सगळ्यांनी मिळून केलेला पुतळा असा साचा पक्का झाला आहे. विषय मोलाचे असले, तरी साचा मोडल्याशिवाय कलावंत घडत नाही.

केंद्र सरकारच्या सांस्कृतिक मंत्रालयाची १८ ते २५ वयोगटातील तरुण कलावंतांसाठीची शिष्यवृत्ती दोन वर्षांची असते, तिची रक्कम दरमहा ५,००० रुपये आहे आणि तिच्या विषयांत नाटकाबरोबर मूकाभिनयाचाही समावेश आहे. आपल्या भागातील फार थोड्या मुलांना हे माहीत असते.

पॅरिसला जाऊन शिकणे आवश्यक आहे का?

आवश्यक नाही, मात्र तिथे काय शिकवतात हे समजून घेणे आवश्यक आहे. लकॉक यांनी १९५६ साली पॅरिसमध्ये शाळा काढली. ते स्वतः व्यायाम आणि शारीरिक शिक्षणातून नाटकाकडे आले होते, ही बाब तालमीत किंवा खो-खोच्या मैदानावर वाढलेल्या मुलांनी लक्षात ठेवावी. त्यांच्या दोन वर्षांच्या अभ्यासक्रमाची सुरुवात भावरहित मुखवट्याने होते. चेहरा झाकला की विद्यार्थ्याच्या सवयी उघड्या पडतात. खांदा कुठे चढतो, पाऊल कुठे फेंगडे पडते, घाबरल्यावर हात कुठे जातो, हे सगळे दिसू लागते. विदूषक अगदी शेवटी येतो. लाल नाकाला ते जगातला सर्वांत लहान मुखवटा म्हणत. त्यांचे विद्यार्थी फिलिप गोलिए यांनी पुढे स्वतःची शाळा काढली आणि खेळण्यातला आनंद हाच अभिनयाचा पाया मानला.

भारतात पुदुच्चेरीजवळची ‘आदिशक्ती’ ही वीणापाणी चावला यांनी स्थापन केलेली संस्था श्वास, केरळची युद्धकला कलरीपयट्टू आणि तिथलेच संस्कृत नाट्य कूडियाट्टम् यांच्या आधारे नटाचे शरीर घडवते, तर रजत कपूर आणि अतुल कुमार यांनी शेक्सपिअरची नाटके विदूषकांच्या हाती देऊन दाखवली आहेत. त्यांचे प्रयोग आणि कार्यशाळा पाहण्यासाठी केलेला रेल्वेप्रवास हा परदेशी शाळेच्या शुल्कापेक्षा पुष्कळ स्वस्त असतो.

गुरू मिळेपर्यंत घरी काय सराव करावा?

अंग तयार करण्यासाठी जोर, बैठका, सूर्यनमस्कार आणि लेझीम पुरेसे आहेत. लेझमीत ठेका, गुडघ्याचा लवचीकपणा आणि समूहात राहण्याचे भान एकाच वेळी मिळते. त्यानंतर निरीक्षण आहे. आठवडी बाजारात एका जागी बसून माणसांची चाल पाहा. कोणी छातीने पुढे जातो, कोणी पोटाने, कोणी कपाळाने. त्यातली एक चाल घरी येऊन करा, आधी जशीच्या तशी, मग थोडी वाढवून, मग इतकी वाढवून की ती माणसाची राहणार नाही, आणि मग पुन्हा अर्ध्यावर आणा. विदूषकाची चाल बहुधा त्या अर्ध्यावरच सापडते.

एक सराव येथे सविस्तर देतो, कारण मराठवाड्यात तो प्रत्येकाच्या अंगात आधीच मुरलेला असतो. टँकरवरून भरलेली पाण्याची घागर कमरेवर घेऊन अंगण ओलांडायचे आहे. हातात घागर नाही. आधी तिच्याकडे पाहा, म्हणजे तिची उंची ठरेल. वाका, श्वास आत घ्या, आणि उचलताना तो क्षणभर अडू द्या. ओझे प्रेक्षकाला प्रथम श्वासातून कळते. घागर डाव्या कमरेवर आली की कमर डावीकडे बाहेर निघते, धड उजवीकडे झुकते, उजवा हात आपोआप दूर जातो आणि पावले आखूड होतात. घागरीच्या काठाभोवतीचा हात सुटता कामा नये आणि त्याची गोलाई बदलता कामा नये, नाहीतर घागर फुटली असे समजावे. ठेवताना ओझे जमिनीला टेकले की अंग किंचित वर येते, आणि हात त्यानंतर सुटतो. हा क्रम चुकला तर पाहणाऱ्याला नेमके कारण सांगता येत नाही, पण त्याचा विश्वास उडतो.

हे जमले की अर्ध्या अंगणात नाकाला खाज सुटू द्या. एक हात घागरीला आहे, दुसरा तोल सांभाळतो आहे आणि पाणी सांडायचे नाही. आता खांद्याने प्रयत्न होईल, मग वर ढकललेल्या ओठाने, मग गुडघ्याने. प्रत्येक प्रयत्नापूर्वी थांबा आणि समोरच्या माणसाकडे पाहा, जणू त्याच्याकडे उपाय आहे. हसू त्या थांबण्यातून येते. नवे कलावंत घाईने पुढची युक्ती दाखवतात आणि ती जागा वाया घालवतात. पाणी किती मोलाचे आहे हे समोरच्या आयाबायांना ठाऊक असते, म्हणून एक थेंब वाचवण्याची ही धडपड आपल्या गावांत जितकी पोहोचते, तितकी ती मोठ्या शहरातल्या वातानुकूलित सभागृहात पोहोचेलच असे नाही.

लाल नाक आणि रंगवलेला चेहरा असायलाच हवा का?

नको. नाकाने काम सोपे होते एवढेच. लहान मुलांसमोर तर पूर्ण पांढरा चेहरा शक्यतो टाळावा, कारण तीन-चार वर्षांची मुले त्याला घाबरतात आणि एक मूल रडू लागले की सगळी रांग रडते. नाक खिशात ठेवावे, साध्या चेहऱ्याने मुलांशी ओळख करून घ्यावी आणि मग त्यांच्यादेखत ते लावावे. माणूस तोच आहे हे त्यांनी पाहिलेले असते, म्हणून भीती राहत नाही.

रंग त्वचेसाठी बनवलेलेच वापरावेत. पूर्वी आपल्या रंगभूमीवर मुर्दाडशिंग वापरत. ते शिशाचे संयुग आहे आणि विषारी आहे. भिंतीचा, मूर्तीचा किंवा पोस्टरचा रंग चेहऱ्याला लावू नये. मे महिन्यातील मराठवाड्याच्या उन्हात जाड तेलकट थर अर्ध्या तासात ओघळतो, म्हणून पाण्यात कालवायचे हलके रंग घ्यावेत, भुवया आणि ओठ एवढेच रेखावेत, आणि प्रयोगानंतर खोबरेल तेलाने चेहरा स्वच्छ करावा.

पडण्याचे प्रसंग करताना इजा होत नाही का?

न शिकता केले तर निश्चित होते. पडताना हात सरळ मागे टेकवल्यामुळे मनगटाला आणि कोपराला हमखास दुखापत होते. हनुवटी छातीला लावावी म्हणजे डोके आपटत नाही, श्वास सोडावा, गुडघे वाकवून कंबर आधी खाली न्यावी आणि वजन नितंबाच्या मांसल बाजूवरून पाठीच्या तिरक्या रेषेत उतरवावे. शिकताना गादी किंवा कुस्तीच्या आखाड्यातील भुसभुशीत माती घ्यावी. सिमेंटच्या ओट्यावर पडण्याचा प्रसंग ठेवूच नये, कितीही टाळ्या मिळत असल्या तरी. थप्पड मारणारा आणि खाणारा दोघेही आधी ठरवलेल्या इशाऱ्यावर चालतात, आणि आवाज खाणाऱ्याच्या टाळीचा असतो.

यावर पोट भरते का?

एकाच प्रकारच्या कामावर भरत नाही, हे स्पष्ट सांगितले पाहिजे. जे कलावंत टिकले आहेत, त्यांच्या उत्पन्नाला चार-पाच वाटा असतात. शाळांतील प्रयोग आणि कार्यशाळा, शासकीय योजनांच्या प्रचाराची पथनाट्ये, शहरातील वाढदिवस व दुकानांची उद्घाटने, मालिका-चित्रपटांतील लहान भूमिका, आणि शिक्षकांना किंवा समाजकार्याच्या विद्यार्थ्यांना दिलेले देहबोलीचे प्रशिक्षण अशा त्या वाटा आहेत. शासकीय प्रचारासाठी कलापथकांची निवड होते आणि तिची माहिती जिल्हा माहिती कार्यालयातून मिळते. कामे हंगामी असतात. दिवाळीनंतर स्नेहसंमेलनांपर्यंत हात रिकामे राहत नाहीत. पेरणीच्या दिवसांत आणि दुष्काळी वर्षात गावे गप्प असतात, आणि त्या महिन्यांची तरतूद आधीच करून ठेवावी लागते.

या सगळ्यांत मी एका गोष्टीला सर्वांत जास्त महत्त्व देतो. स्वतःचा एक वीस ते पंचवीस मिनिटांचा एकपात्री प्रयोग असा तयार करा, की त्याला दिवे, पडदा, माईक आणि वीज यांपैकी काहीही लागणार नाही आणि त्याचे सगळे सामान एका पिशवीत मावेल. जिल्हा परिषद शाळेच्या पटांगणात, परिपाठानंतर, लिंबाच्या सावलीत, पहिलीपासून सातवीपर्यंतची सगळी मुले एकत्र बसलेली असताना जो प्रयोग उभा राहतो, तो कुठेही उभा राहतो. तिथे मागून ट्रॅक्टर जातो, खिचडीची भांडी वाजतात, एखादे कुत्रे मध्येच येऊन बसते. बंदिस्त नाट्यगृहासाठी बांधलेला प्रयोग अशा ठिकाणी कोसळतो. विदूषकाला मात्र या सगळ्याकडे पाहता येते. तो कुत्र्याला नमस्कार करतो, त्याच्यासाठी जागा करून देतो, आणि प्रयोग पुढे चालू राहतो. हा एक प्रयोग हातात असेल तर कामासाठी कुणाच्या निवडीची वाट पाहावी लागत नाही. तो कसून तयार करायला एक वर्ष गेले तरी चालेल. दहा अर्धवट नकला असण्यापेक्षा तो एक असणे बरे.

मानधन किती मागावे?

आकडा गावोगावी बदलतो, पण हिशेब बदलत नाही. प्रयोगाचा दिवस, जाण्या-येण्याचा वेळ, प्रवासखर्च, सामानाची झीज आणि तयारीच्या दिवसांचा वाटा एवढे धरून रक्कम काढावी आणि ती प्रयोगापूर्वी लेखी कळवावी, मोबाइलवरील संदेश असला तरी पुरतो. ज्या शाळेकडे खरोखर पैसे नाहीत तिथे फुकट प्रयोग करायला हरकत नाही; मात्र तो तुमचा निर्णय असावा. “पोरांना हसवायला कसले पैसे” असे म्हणणाऱ्या आयोजकाच्या मंडपाचे, ध्वनिक्षेपकाचे आणि जेवणावळीचे पैसे वेळेवर दिले जातात, हे त्याला सौम्यपणे दाखवून द्यावे.

गावात किंवा रस्त्यावर प्रयोग करताना परवानगी लागते का?

संहिता असलेल्या नाटकाच्या जाहीर प्रयोगासाठी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचे प्रमाणपत्र घ्यावे लागते. रस्त्यावरील प्रयोगासाठी स्थानिक पोलीस ठाणे आणि नगरपालिका किंवा ग्रामपंचायत यांना आधी कळवावे. ही केवळ कागदी बाब समजू नये. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे मुले पळवणारे समजून जमावाने भिक्षेकरी समाजातील पाच निरपराध माणसांना ठार मारले. अनोळखी माणूस वेष बदलून, मुलांना गोळा करत गावात शिरतो, ही गोष्ट अफवेच्या दिवसांत किती धोक्याची ठरू शकते हे त्यावरून कळते. सरपंच, पोलीसपाटील किंवा मुख्याध्यापक यांच्यापैकी कोणाला तरी सोबत घेऊनच गावात जावे, ओळखपत्र जवळ ठेवावे, आणि वेषभूषा प्रयोगाच्या जागी पोहोचल्यावर करावी. पिढ्यान्‌पिढ्या सोंगावर जगणाऱ्या भटक्या कलावंतांना ही सोय मिळत नाही. म्हणून त्यांच्याकडून काही शिकलात, तर त्यांचे नाव घ्यावे, त्यांना मंचावर बोलवावे आणि मोबदला द्यावा.

रुग्णालयात विदूषकाचे काम करता येते का?

येते, आणि ते अत्यंत जबाबदारीचे काम आहे. न्यूयॉर्कच्या बिग ॲपल सर्कशीतील मायकल क्रिस्टेन्सन यांनी १९८६ मध्ये मुलांच्या रुग्णालयांसाठी विदूषकांचे पथक सुरू केले आणि तिथून ही पद्धत अनेक देशांत गेली. इटलीतील फ्लॉरेन्स येथे शस्त्रक्रियेपूर्वी भूल देताना विदूषक सोबत ठेवल्यास मुलांची भीती कमी होते असे २००५ साली प्रसिद्ध झालेल्या ४० मुलांच्या अभ्यासात आढळले. त्याच अभ्यासात बहुतेक वैद्यकीय कर्मचाऱ्यांनी मात्र विदूषकांमुळे कामात व्यत्यय येतो अशी तक्रार केली होती, आणि ती तक्रार मनावर घेण्यासारखी आहे. छत्रपती संभाजीनगरच्या घाटीसारख्या मोठ्या शासकीय रुग्णालयात एका खाटेजवळ मूल, त्याची आई, परिचारिका आणि शेजारच्या खाटेवरचे नातेवाईक इतकी माणसे असतात, की मोठ्याने केलेला विनोद तिथे त्रास ठरतो.

दारात उभे राहून आत येऊ का असे डोळ्यांनी विचारावे, आणि मुलाने नको म्हटले तर खरोखर परत जावे. त्या वॉर्डात सुई, सलाईन, औषध यांपैकी कशालाही नाही म्हणण्याचा अधिकार त्या मुलाला नसतो. विदूषकाला नको म्हणता येणे हाच कधी कधी त्याच्यासाठी त्या दिवसातला सर्वांत मोठा आनंद असतो. अधिष्ठात्यांची आणि विभागप्रमुखांची परवानगी, हात धुण्याची शिस्त, छायाचित्रे न काढण्याचा नियम आणि जोडीने जाण्याची पद्धत यांत तडजोड करू नये.

कोणत्या गोष्टींवर हसवू नये?

तोतरेपणा, लंगडेपणा, जाडी, काळा रंग, तृतीयपंथी व्यक्ती आणि बायकोचा मार या विषयांवर आपल्या मंचावर अजूनही सहज हशा मिळतो. तो मिळतो म्हणून घेऊ नये. विदूषकाने स्वतःच्या फजितीवर हसवावे, किंवा सत्ता गाजवणाऱ्यावर. तमाशातल्या सोंगाड्याने पाटलाची, सावकाराची आणि राजाची टोपी उडवली, म्हणून तो लोकांचा झाला. पुरुषाने स्त्रीवेष घेण्यात काही गैर नाही. भारुडातील ती बाई स्वतःचे ठाम म्हणणे घेऊन येते. नुसते पदर सावरून छाती हलवणारे सोंग आणि ते भारूड यांतला फरक नटाने तालमीतच ओळखला पाहिजे.

मुलींना या क्षेत्रात जागा आहे का?

आहे, आणि ती मुद्दाम रुंद केली पाहिजे. फ्रान्समध्ये ॲनी फ्रातेलिनी यांनी पुरुषांची मानली गेलेली ऑगस्टची भूमिका केली आणि पुढे सर्कशीची शाळाही उभारली. आपल्याकडे पंढरपूरच्या चंदाताई तिवाडी यांनी भारूड देशभर पोहोचवले. अडचण बहुधा कलेत नसते. ती रात्रीच्या प्रवासाची, कपडे बदलण्याच्या जागेची आणि “मुलीने वेडेवाकडे तोंड करू नये” या शिकवणुकीची असते. पहिल्या दोन बाबी मानधनाबरोबरच लेखी ठरवून घ्याव्यात. तिसरीवर उपाय एकच, गावात तसे करणारी दुसरी मुलगी दिसणे.

मुंबई-पुण्याला स्थलांतर करावे का?

लगेच करू नये. मालिकांचे काम तिथे आहे हे खरे, पण तिथे नवख्या माणसाला वर्षातून जितके प्रयोग मिळतील त्याहून अधिक येथील शाळा, यात्रा आणि वस्त्यांत मिळू शकतात, आणि विदूषक प्रयोगांच्या संख्येनेच घडतो. वर सांगितलेला प्रयोग पक्का झाल्यावर जा, म्हणजे दाखवण्यासारखे काही सोबत असेल.

घरचे तयार नाहीत. काय करावे?

त्यांना प्रयोगाला बोलवावे. वाद नंतर घालता येतो.

वय झाल्यावर काय?

उड्या आणि पडणे कमी होते, विदूषक कमी होत नाही. मार्सो वयाची ऐंशी उलटल्यावरही मंचावर होते. अनुभवी विदूषक नुसता थांबूनच तरुणाच्या तीन कोलांट्यांएवढे काम करतो. या वयात शिकवण्याचे कामही वाढते, आणि ते पुढच्या पिढीसाठी राखून ठेवावे असे मला वाटते.

एका व्यावहारिक गोष्टीकडे मात्र विशीपासूनच लक्ष द्यावे. महाराष्ट्र शासनाची ज्येष्ठ साहित्यिक व कलावंतांसाठी मानधन योजना आहे. तिच्या अर्जाला अनेक वर्षांच्या कलासेवेचे पुरावे जोडावे लागतात आणि आपल्याकडील कितीतरी गुणी सोंगाडे, भारूडकार नेमके तिथेच अडतात, कारण आयुष्यभर प्रयोग केले तरी कागद एकही उरलेला नसतो. प्रत्येक प्रयोगानंतर मुख्याध्यापकांचे किंवा ग्रामपंचायतीचे तारीख घातलेले पत्र मागून घ्यावे, वर्तमानपत्रातील कात्रणावर दिनांक लिहावा, आणि हे सगळे एका फाइलमध्ये, पाऊस-वाळवीपासून दूर, जपून ठेवावे.